वाहिनीवरची आरती

शेजारच्या कमलताईंचे पाय आता त्यांना देवळापर्यंत नेत नाहीत. म्हणून सून रोज सकाळी एक भक्तिवाहिनी लावून देते. कुठल्याशा दूरच्या देवस्थानाची आरती घरात येते आणि कमलताई डोक्यावर पदर घेऊन खुर्चीत सावरून बसतात. काल मी विचारपूस करायला गेलो, तेव्हा त्यांनी विचारले, "शास्त्रीबुवा, असं हात जोडलेलं देवाला पावतं का हो? की मी आपली नुसती चित्रंच बघत बसते?"

प्रश्न सोपा नव्हता. मूर्तीत मंत्रांनी प्राणप्रतिष्ठा होते. काचेवर उमटणाऱ्या प्रतिमेत कोणी देवतेचे आवाहन केलेले नसते. मी शब्द जुळवत होतो, तोच आरती मध्येच तुटली आणि केसांच्या तेलाची जाहिरात लागली. कमलताईंचे हात जोडलेलेच राहिले.

"आई, तेलाला कशाला नमस्कार करताय?" सून हसून म्हणाली.

"तेलाला नाही गं. नैवेद्य दाखवताना गाभाऱ्याचा पडदा ओढतात, तेव्हा आपण उठून जातो का? देव आत असतोच की."

वाहिनीच्या चालकांनी तो वेळ व्यापारासाठी राखला असेल. तेवढ्या वेळात कोणी देवाचे जेवण होण्याची वाट पाहत असेल, हे त्यांच्या मनातही आले नसेल. कमलताईंना काय सांगावे, याविषयी आता मला संदेह उरला नव्हता. परंतु पडदा उघडेपर्यंत बोलू नये, अशी रीत आहे. मीही हात जोडून बसलो.