आजोळची कुंची

मी ख्रिस्ती घरात लग्न केलं, तेव्हा आईनं माझं नाव टाकलं. मीही काही कमी हट्टी नव्हते. आमच्याकडं बाळाची पहिली कुंची आजोळहून येते. माझ्या लेकीला ती आली नाही, म्हणून मी बाजारातूनही आणली नाही. लेक बिनकुंचीचीच वाढली.

ती सहा वर्षांची झाली त्या नाताळाला नवऱ्यानं मला न विचारता आईला फोन केला. सकाळी आई ताडकळसहून एसटीनं आली, पिशवी छातीशी घट्ट धरून. मी तिच्याशी धड बोललेही नाही, तशीच चर्चला घेऊन गेले.

तिथं गव्हाणीचा देखावा मांडला होता. कडब्यावर येशूबाळाची मूर्ती उघडीच निजवलेली. आई थबकली.

"एवढ्या थंडीत लेकराला असं निजवतेत व्हय?" म्हणत तिनं पिशवीतून लाल खणाची कुंची काढली. मग माझ्याकडं न बघता म्हणाली, "तुझ्या लेकीसाठी तवाच शिवली हुती. पाय उचलला न्हाई माझा. आता तिला कशी बसंल?"

सगळ्यांदेखत तिनं ती बाळाच्या डोक्यावरून नीट घातली आणि आपल्या कानशिलावर बोटं मोडून त्याची दृष्ट काढली. मागं कुणीतरी फिसकन हसलं. मी वळून असं बघितलं, की ते हसू जागीच थिजलं.

आजही दर नाताळाला येशूबाळाच्या अंगावर तीच कुंची असते. कुणी नवख्यानं विचारलं, की मी मान ताठ करून सांगते, "त्याच्या आजोळहून आलीय."