संकासुराची मांडी

आंबा घाट उतरला आणि खिडकीतून काजूच्या बोंडांचा आंबूस वास आला. लग्नाला इतकी वर्षं झाली, पण शिमग्याला सासुरवाडीला मी पहिल्यांदाच चाललो होतो. त्याची टोचणी पुण्यापासून सोबत होती. हातखंब्याला मेहुणा दीपक मोटरसायकल घेऊन उभा होता. "उतरलात एकदाचे. आई म्हणत होती, पालखी आधी येईल नि जावई मागनं."

दीपक मुंबईत टेम्पो चालवतो. शिमग्यात गावच्या खेळ्यांत (घरोघरी नाचत फिरणारा सोंगांचा मेळा) तो संकासूर होतो. नावाचा असुर, पण नवसाला देवच. ओल्या काजूगरांची उसळ वाढता वाढता सासूबाईंनी मेहुणी सुजाताचा नवस सांगितला. फार वाट पाहून झालेला चिन्मय आज संकासुराच्या मांडीवर द्यायचा होता.

दुपारी मृदंग अंगणात शिरला. काळा पायघोळ झगा, उंच टोपी, पांढरी दाढी, कमरेला घुंगरं. सासूबाईंनी पुढे होऊन पोटच्या पोराच्या पायांवर डोकं ठेवलं. मघाशी ताटात भात टाकला म्हणून त्यालाच त्यांनी झापलं होतं.

चिन्मय किंचाळत सुटला. त्याला उगी करायला मी मोठ्याने म्हणालो, "अरे, दीपकमामा आहे तो."

मृदंग थांबला. सोंग अंगावर असताना आतल्या माणसाचं नाव घ्यायचं नसतं. घेतलं की देव निघून जातो, असं सासूबाई कुजबुजल्या. सुजाता मुलाला छातीशी धरून मागे सरली.

"आता नवस कुणाच्या मांडीवर फेडू, भावजी?"

ती रागावली असती तर बरं झालं असतं.

खेळ्यांचे म्होरके तात्या नारळ घेऊन पुढे आले. त्यांनी गाऱ्हाणं (देवाला विनवणी) घातलं. "पावण्याकडनं अजानता काय चुकलं असल, तर लेकराला त्याची बाधा नको, रे म्हाराजा."

"व्हय म्हाराजा," सगळं अंगण म्हणालं. सुजाताही म्हणाली. माझ्यासाठी इतक्या तोंडांनी कधी कुणी क्षमा मागितली नव्हती.

मृदंग पुन्हा सुरू झाला. संकासूर जमिनीवर मांडी घालून बसला आणि नुसता थांबला. सुजाताने मूल पुढे केलं. हुंदके देत देतच चिन्मयने ती पांढरी दाढी मुठीत धरली, ती काही सोडीना. सुजाता पदराआड हसत रडत होती.

संध्याकाळी दीपकने मला हातखंब्याला सोडलं. बसची वाट पाहताना मी त्याची माफी मागितली. तो खरोखरच गोंधळला.

"मला कशाला सांगताय, भावजी? मी होतो कुठं तिथं?"

गाडी घाट चढून गेली तरी ते वाक्य मनातून उतरेना. मी देवळात हात जोडतो तेव्हा माझ्या सगळ्या चुकांसकट मीच तिथे उभा असतो. हा माणूस मात्र दुपारभर बाजूला सरतो आणि देवाला जागा करून देतो.