सुडासाठी वाचायची पुस्तकं

कात्रीकाकूंना हे नाव धंद्यामुळे पडलं की जिभेमुळे, यावर इमारतीत आजही दोन तट आहेत. बायकांचे कपडे शिवण्यात त्यांचा हात धरणारं कोणी नाही, आणि आरशासमोर उभ्या असलेल्या गिऱ्हाइकाला सुनावण्यातही नाही. "मापं बरोबरच घेतली होती. मधल्या काळात तुम्ही वाढलात, त्याला मी काय करू?" असं तोंडावर सांगणारी बाई. पण मनात डूख धरावा तर तो कसा, हे त्यांनी दाखवलं ते धाकट्याच्या प्रकरणात.

धाकटा म्हणजे त्यांचा भाऊ. आईबाप गेल्यावर काकूंनीच वाढवलेला. कापडाच्या एका गोदामाचा टेम्पो चालवायचा. इतका बोलका, की जिना चढेपर्यंत तीन घरांत त्याचा चहा व्हायचा. तळमजल्यावरचा सुपरवायझर त्याच गोदामात होता. गोदामातून कापडाचे तागे गायब व्हायला लागले, तेव्हा या सुपरवायझरनं पोलिसांना सांगितलं, की मागच्या दारानं टेम्पोत तागे चढवताना धाकट्याला मी या डोळ्यांनी पाहिलं. झालं! धाकटा अर्धं वर्ष आत. खटला उभा राहिला तेव्हा सुपरवायझरची साक्ष उसवत गेली. आधी सकाळ म्हणाला, मग संध्याकाळ म्हणाला, आणि ज्या दिवसाचं म्हणाला त्या दिवशी टेम्पो गॅरेजात इंजिन काढून पडलेला. धाकटा निर्दोष सुटला.

सुटून आला तो मात्र दुसराच कोणीतरी. खिडकीशी बसायचा. विचारलं तर "हं." टेम्पोची किल्ली पुढे केली तर हात पाठीमागे. आत काय झालं ते काकूंनी गोडीनं विचारलं, रागावून विचारलं, शेवटी रडून विचारलं. "हं."

आणि खाली सुपरवायझर रोज सकाळी दारात उभा राहून निवांत दात घासायचा. जणू काही झालंच नाही! काकू वरून बघायच्या आणि शिलाई मशीनला सांगायच्या, "ह्याला त्याच पिंजऱ्यात उभा करते की नाही बघ. तोच कठडा, तेच लाकूड. नाही केला तर कात्री खाली ठेवीन."

न्यायालयाच्या मागच्या गल्लीत जुनी पुस्तकं विकणारे एक बाबा बसतात. त्यांची गिऱ्हाइकं म्हणजे वकिलीच्या परीक्षेला बसलेली पोरं. काकू एका सकाळी त्यांच्यासमोर जाऊन उभ्या राहिल्या.

"सुडाचं पुस्तक आहे?"

बाबांनी चष्मा कपाळावर चढवला. "कादंबरी का?"

"कादंबरी कशाला? खरोखरच घ्यायचाय."

"कुणावर?"

"ते कशाला हवंय? त्याच्या मापाचं शोधणार आहात का?"

बाबांची हयात अशा पोरांबरोबर गेलेली. ते काही दचकले नाहीत. म्हणाले, "ताई, डोकं फोडायचं असेल तर पुस्तक लागत नाही. कायद्यानं करायचं असेल तर क्रमानं वाचा. आधी फौजदारी कार्यपद्धतीचा कायदा. तक्रार कशी, अटक कशी, झडती कशी, खटला कसा, सगळा रस्ता त्यात आहे. गुन्हे आणि शिक्षांचा कायदा त्यानंतर."

"शिक्षा आधी नको का?"

"सगळे हेच म्हणतात. शिक्षा काय, दोन ओळींत संपते. तिथवर जायचा रस्ता जाड असतो."

रस्ता खरोखरच जाड होता. काकूंनी तो मशीनच्या डाव्या हाताला ठेवला आणि पाय मारता मारता वाचायला सुरुवात केली. शिंप्याच्या खडूनं खुणा केल्या, तर पान मिटलं की पुसून जायच्या. मग त्यांनी सुई घेतली. कामाच्या ओळीशेजारी, समासात, लाल दोऱ्याचा एक टाका. सुपरवायझरच्या फायद्याचं काही आलं की काळा टाका. पुस्तक संपेपर्यंत काळं रीळ संपत आलं आणि लाल जवळजवळ तसंच राहिलं.

"आरोपीला अटकेचं कारण सांगा, आरोपीला वकील मिळू द्या, आरोपीच्या घरच्यांना कळवा," काकू खिडकीकडे बघून ओरडल्या. "आरोपी आहे का जावई?"

खिडकीतून उत्तर आलं, "हं."

जामिनाच्या प्रकरणात तर त्या इतक्या तापल्या, की एक सुटं पान शाळेतल्या बाईंच्या कोटाच्या अस्तरात शिवलं गेलं. बाई फळ्याकडे वळल्या की पाठीमागून खरखर व्हायची, आणि वर्गातली पोरं बाकाखाली जाऊन हसायची. बाई कोट परत घेऊन आल्या तेव्हा काकू म्हणाल्या, "बरं झालं आणलंत, तेच शोधत होते," आणि कोट उसवून आधी पान वाचलं.

पण एक लाल टाका असा पडला, की बाकी सगळ्याची भरपाई झाली. खोटी साक्ष ज्या न्यायालयापुढे दिली, त्याच न्यायालयाकडे अर्ज करायचा. आपण परस्पर खटला भरायचा नाही. काकूंनी अर्ज केला. न्यायाधीशांनी चौकशीचा हुकूम दिला. पण चौकशीचं गाडं हलेपर्यंत बसून काय करायचं? काकू पुन्हा बाबांकडे.

या खेपेला बाबांनी एका निवृत्त न्यायाधीशांचं पुस्तक दिलं, घरच्या माणसाला खटला समजावा म्हणून लिहिलेलं. ते काकूंना आवडलं. "माणूस मुद्द्याचं बोलतो. बायकोनं वाचून दुरुस्त केलेलं असणार." त्यानंतर बाबांनी दिलं ते निर्दोष असून शिक्षा भोगलेल्या लोकांबद्दलचं. त्यात काकूंनी एकही टाका घातला नाही. वाचून झालं तसं कापडाच्या गठ्ठ्याखाली सारलं आणि दोन दिवस कुणाला टोमणा मारला नाही. इमारतीला वाटलं, काकू आजारी आहेत.

"आता मला उलटं द्या," त्या बाबांना म्हणाल्या. "खरे चोर कसे सुटतात ते."

बाबांनी जरा कुरकुरत खालच्या थरातून एक काढलं. पोलिसांच्या घाईनं कोसळलेल्या खटल्यांचं पुस्तक. मारून घेतलेला कबुलीजबाब, न्यायालयानं तो फेकून दिला, आरोपी घरी. झडतीला साक्षीदार नाही, बचावाच्या वकिलानं तेच धरलं, आरोपी घरी. पानापानावर आरोपी घरी जात होते आणि पानापानावर काकू लाल टाके घालत होत्या. पुस्तक मिटेना, इतकं फुगलं.

इकडे चौकशीत गंमत झाली. पोलीस सुपरवायझरची साक्ष तपासायला गोदामात गेले आणि तागे सापडले ते सुपरवायझरच्या मेहुण्याच्या दुकानात, गोदामाच्या शिक्क्यासकट. सकाळी दात घासता घासताच त्याला उचलला. तोंडातला फेस पुसायलाही वेळ दिला नाही. काकूंनी गॅलरीतून डोळे भरून पाहिलं. खाली वाकून म्हणाल्यासुद्धा, "चूळ भरायला तिथे मिळेल हो!"

त्या दिवशी त्यांनी मशीनवर बसून गाणं म्हटलं. गिऱ्हाइकांना शिलाईत सूट मिळाली. ज्यांना काकूंचं गाणं ऐकावं लागलं, ते म्हणतात सूट कमीच होती.

दोन दिवसांनी, भर दुपारी, सुपरवायझरची बायको वर आली. इमारतीत तिला खालची वहिनी म्हणतात. दारातच उभी राहिली.

"काकू, आत येऊ?"

"दार उघडंच आहे." काकूंचं मशीन थांबलं नाही.

"त्यांना भेटू देत नाहीत. का नेलं तेही मला सांगितलं नाही. न्यायाधीशांपुढेही नेलेलं नाही. माझा भाचा बाहेर उभा होता, त्याला आतून ओरडणं ऐकू आलं. कुठल्यातरी कागदावर सही मागताहेत म्हणे." तिनं पदर डोळ्यांना लावला. "तुमच्याकडे ती पुस्तकं आहेत. मी कुणाकडे जाऊ?"

काकू बाही लावत होत्या. खरं सांगायचं तर त्यांना ते रडणं फार गोड लागत होतं. धाकट्याला नेलं तेव्हा त्याही अशाच या वहिनीच्या दारात उभ्या होत्या, आणि वहिनी म्हणाली होती, "आम्हांला यात पडायचं नाही." ते शब्द काकूंनी इतके दिवस जपून ठेवले होते. आता नुसते परत करायचे होते.

"आम्हांला यात—" त्यांनी सुरुवात केली आणि सुई अर्ध्यावर थांबली.

ओरडणं. सही. न्यायाधीशांपुढे नेलेला नाही.

"अगं बाई!" काकू ताडकन उठल्या. बाही एका हाताला लोंबत राहिली. "म्हणजे सुटणार की हा मेला!"

"काय?"

"चपला घाल! उभी काय राहिलीस? तुझा नवरा सुटेल ना अशानं!"

वहिनीला काही कळलं नाही, पण कात्रीकाकूंपुढे न कळताच चपला घालायच्या असतात. फुगलेलं पुस्तक एका काखेत, जाड पुस्तक दुसऱ्या काखेत, अशा काकू निघाल्या. वाटेत त्यांनी वहिनीला न्यायालयातल्या मोफत वकिलाच्या खोलीकडे पिटाळलं, आणि स्वतः ठाण्यात जाऊन फौजदारासमोर बसल्या.

"तुम्ही त्यांच्या कोण?" फौजदारानं विचारलं.

"वैरी."

"मग?"

"म्हणून तर आलेय. त्याला हात लावू नका. कारण सांगा, वकील द्या, न्यायाधीशांपुढे उभा करा. सगळं लिहिलंय इथे." काकूंनी जाड पुस्तक उघडून दणकन टेबलावर ठेवलं.

फौजदारानं वाकून पाहिलं. "बाई, हे पान बेवारस प्रेताच्या पंचनाम्याचं आहे."

"असू दे. तेही वाचून ठेवा. तुमचा हात असाच चालला तर लागेल."

शिपायांपैकी एक जण भिंतीकडे तोंड करून खोकायला लागला. फौजदार काकूंना बाहेर जा म्हणाला. काकू बाहेरच्या बाकावर बसल्या आणि तिथून मोठ्या आवाजात वाचू लागल्या. चुकीच्या प्रकरणातूनच, पण खणखणीत. ठाण्यात आलेली माणसं आपापली कामं विसरून ऐकत बसली. त्या आवाजानं फौजदार जेरीला आला होताच. तेवढ्यात वहिनी खरीखुरी वकीलबाई घेऊन पोचली. पुढचं सगळं तिनं केलं. फारसं न बोलता, एकेक अर्ज पुढे सरकवत.

सुपरवायझरला बाहेर आणलं तेव्हा त्याचा एक गाल सुजला होता. काकूंना बघून त्यानं हात जोडले. "काकू, मी तुमचं इतकं वाईट केलं, आणि तुम्ही देवासारख्या धावून—"

"देव कामात आहे. सही केलीत कुठे?"

"नाही अजून."

"करू नका. तुम्हांला दोषी ठरायचंय. नीट ठरा! कच्च्या टाक्यावर मी काम सोडत नाही. वरच्या न्यायालयात गेलात तरी एक धागा सुटता कामा नये."

तो तरीही हात जोडूनच उभा राहिला. काकूंच्या अंगाचा तिळपापड झाला. शिव्या दिल्या असत्या तर त्यांनी झेलल्या असत्या. हे आभार काही केल्या झटकता येईनात.

दुसऱ्या सकाळी त्याला न्यायालयात आणणार होते. काकूंनी धाकट्याला इस्त्रीचा शर्ट घालायला लावला. "चल. बघ त्याला पिंजऱ्यात. डोळे निवू दे." धाकटा का कुणास ठाऊक, उठला आणि चालू लागला.

दोघं मागच्या बाकावर बसली. तोच कठडा, तेच लाकूड, आणि कठड्याआड सुजल्या गालाचा सुपरवायझर. काकू पुढे सरसावून बसल्या. यासाठीच तर एवढे दोरे संपवले होते.

न्यायाधीशबाईंनी फाइल उघडली नाही. आधी मान वर करून त्याच्याकडे पाहिलं. "का पकडलंय ते तुम्हांला कळलंय का?" तो हो म्हणाला. "वकील आहेत?" वकीलबाई उभी राहिली. "पोलिसांनी मारहाण केली? गालाला काय झालंय? घाबरू नका, सांगा."

सुपरवायझर सांगू लागला, आणि न्यायाधीशबाई एकेक शब्द लिहून घेऊ लागल्या. मग डॉक्टरांकडून तपासणीचा हुकूम दिला, फौजदाराकडे खुलासा मागितला, आणि आरोपीला न्यायालयीन कोठडीत पाठवलं. सगळं पुस्तकाबरहुकूम. एक धागा सुटला नव्हता. काकूंना मनासारखं मिळालं होतं, आणि तरी ते गोड लागत नव्हतं. ज्यानं भावाला आत घातलं, त्याला त्यांनी स्वतः धावाधाव करून असा मऊ न्याय आणून दिला होता!

बाजूला धाकटा कठड्याकडेच बघत होता.

"ताई," तो म्हणाला.

काकूंनी मान वळवली. इतक्या महिन्यांत "हं" सोडून हा पहिलाच शब्द.

"मला हे कुणी विचारलंच नाही."

"काय?"

"मारलं का म्हणून. दुसरे न्यायाधीश होते. माझाही गाल असाच होता, ह्याच्याहून मोठा. त्यांनी वर पाहिलंच नाही. नुसती सही केली. मी म्हणालो, साहेब, मला बोलायचंय. मागच्या हवालदारानं पाठीत कोपर मारलं, तेही त्यांच्यासमोर. तरी वर पाहिलं नाही."

काकूंनी एकदा कठड्याकडे पाहिलं. सुपरवायझरला खाली उतरवत होते, आणि जाता जाता तो पुन्हा त्यांच्याकडे बघून हात जोडत होता. काकूंनी त्याच्याकडे पाठ केली. हा तर शिवून झाला.

त्यांनी धाकट्याचा दंड धरला, त्याला बाहेरच्या व्हरांड्यात आणलं, पायरीवर बसवलं आणि स्वतः शेजारी बसल्या.

"त्या न्यायाधीशाचं नाव आठवतं?"

"आठवतं."

"आणि हवालदाराचं?"

"बिल्ल्यावर होतं."

"सांग," कात्रीकाकू म्हणाल्या. "अगदी पहिल्या दिवसापासून सांग. एकालाही वगळू नकोस."