माळावरचं पडकं घर

कोकणात पडका गडगा बघून पुढे जाणारा माणूस आळशी. जगन्नाथचा उभा जन्म गडगे घालण्यात गेला. चुना नाही, सिमेंट नाही, नुसता दगडावर दगड. अमेरिकेत बेलव्ह्यूला लेकीकडे आल्यावर मात्र हात रिकामे पडले. वल्लरी म्हणाली, "बाबा, साइटवर चला माझ्याबरोबर. फक्त तिथलं काही न्यायचं नाही."

साइट म्हणजे डोंगरांपलीकडचा माळ. झाड नाही; राखाडी झुडपं आणि वारा. झुडपांत दगडांची गोल कडी, इथल्या मूळ लोकांची जुनी घरं. वल्लरीची पीएचडी त्यांवरच, त्या लोकांच्या परवानगीने.

ती पलीकडे फोटो काढत असताना जगन्नाथला एक कडं ढासळलेलं दिसलं. राहवेना. मोठा दगड तळाला, फटीत दगडाची चीप. ऊन चढेपर्यंत गुडघाभर गडगा उभा राहिला.

वल्लरी धावत आली. "बाबा, हे काय केलंत!"

"पडलं होतं. लावलं."

"कसं पडलंय तेच तर मोजायचं होतं! आज लॉरेन येतेय. तिने परमिशन कॅन्सल केली की माझं सगळं संपलं."

खाली गाडीची धूळ दिसली. जगन्नाथ दगड ओढू लागला. "पाडायला काय वेळ लागतो?"

"हात लावू नका! अजून बिघडेल."

लॉरेन, त्या लोकांतली वडीलधारी बाई, काठी टेकत वर आली. भिंतीकडे बघत राहिली. मग बोलली. वल्लरीने मराठीत सांगितलं, "घरातलं माणूस गेलं की ते घर पडू देतात. पुन्हा उभं केलं तर गेलेला परततो, दार शोधत फिरतो."

जगन्नाथच्या अंगावर काटा आला. गावी अशा जागेवरून तो चपला हातात घेऊन जायचा.

"कुठला दगड कुठे होता, विचारतेय."

तो दाखवू लागला. हा इथे. हा रुतलेला, त्याचा खड्डा अजून ओला. मग एक चपटा दगड हातात आला आणि तो थांबला.

"कुठेही दाखवा," वल्लरी पुटपुटली. "तिला काय कळतंय!"

"नाही आठवत. सांग तिला."

वल्लरी कॅमेऱ्याचा पट्टा बोटाला गुंडाळत राहिली.

"सांग, वल्लरी."

तिने सांगितलं. लॉरेनने दगड त्याच्याकडून घेतला, उलटसुलट करून पाहिला. शेवटी ती चार वाक्यं बोलली.

"भिंत त्यांची माणसं उतरवतील. हे घर कामातून वगळायचं. बाकीची बघ म्हणतेय," वल्लरीने श्वास सोडला. "पण बाबा, ती म्हणते, तुम्ही माळावर पुन्हा यायचं नाही."

जगन्नाथने लॉरेनकडे बघून मान हलवली, हात पँटला पुसले आणि उतार धरला.

"बाबा, पाणी तरी प्या!"

"गाडीत पितो," तो म्हणाला. "तू तुझं काम कर."