शत्रूचं पान

सर्वपित्रीला काकूने गच्चीच्या कठड्यावर कावळ्यांसाठी पानं ठेवली. आजोबा-पणजोबांची झाल्यावर तिने टोकाला आणखी एक पान मांडलं आणि शेजारी पाण्याचा तांब्या ठेवला.

"हे कुणाचं?" घरात नवीन आलेल्या सुनेने विचारलं.

"आपल्या शत्रूचं," काकू म्हणाली.

आमचे खापरपणजोबा इंग्रजांच्या पलटणीतून ब्रह्मदेशात लढायला गेले होते. कसली लढाई, कुणास ठाऊक. ज्यांनी ती जिंकली तेही आता विसरले असतील. ज्या गावावर खापरपणजोबांनी गोळ्या झाडल्या, त्याच गावाच्या वेशीवर ते जखमी होऊन पडले. तिथल्याच एका माणसाने त्यांना पाणी पाजलं. आमचं अख्खं घर त्या घोटभर पाण्यावर उभं आहे. दुसऱ्याच्या राज्यासाठी आपल्याला मारायला आलेल्या माणसाची तहान त्याला दिसली तरी कशी, हे मला अजून उमगलेलं नाही. मी नुसते हात जोडतो.

"पण हात जोडताना नाव-गोत्र काय घ्यायचं?" ही गोष्ट ऐकून सून गोंधळली.

काकूने तांब्या काठोकाठ भरला.

"पाणी पाजताना त्याने तरी आपलं कुठे विचारलं होतं?"