टेकडी हलवायची नाही

मोजणी खात्यातून निवृत्त झालेली माणसं घरी बसून शेजाऱ्यांची कुंपणं नजरेने मोजतात आणि उरलेल्या वेळात रक्तदाब मोजतात. नकाशेबाईंनी भलतंच काढलं. त्यांनी गोष्ट लिहायला घेतली. गोष्ट लिहिणं हा काही गुन्हा नव्हे, पण ज्या बाईने उभ्या आयुष्यात रजेच्या अर्जापलीकडे चार ओळी लिहिल्या नव्हत्या, तिने एकदम पुस्तकाच्या वाटेला जावं याची शेजारच्या जिन्यांत बरीच चवीने चर्चा झाली. बाईंच्या कानावर ती आली. त्यांनी ती दुसऱ्या कानाने सोडून दिली आणि रबर विकत आणायला गेल्या.

त्या खात्यात आरेखक होत्या. मोजणीदार उन्हातान्हात फिरून आकडे आणायचे आणि बाई त्यांचा नकाशा काढायच्या, आधी पेन्सिलीने, मग शाईने. त्यांचं खरं नाव पगारपत्रकात होतं, तिथेच राहिलं. भाजीवालासुद्धा त्यांना नकाशेबाई म्हणायचा.

गोष्टीचं खूळ डोक्यात शिरलं ते लेकीमुळे. नवरा लवकर गेला तेव्हा लेक बोबडं बोलत होती. दिवसभर कचेरी आणि संध्याकाळी जेवणाच्याच टेबलावर लोकांच्या घरांचे आराखडे, असं करत बाईंनी तिला वाढवलं. अंथरुणावर पडलं की लेक गोष्ट मागायची. बाईंना एकच गोष्ट यायची आणि तीही त्यांनीच रचलेली. खाडीपलीकडच्या टेकडीवर एका मुलीचं करडू हरवतं. ओहोटी असते म्हणून मुलगी खाडीतून चालत पलीकडे जाते, टेकडी चढते, करडू सापडतं, ती माथ्यावर उभी राहून पाहते तर खाली भरतीचं पाणी चढायला लागलेलं असतं. इथवर आलं की बाईंचा डोळा लागायचा. दुसऱ्या दिवशी पुन्हा पहिल्यापासून. मुलगी वर्षानुवर्षं टेकडीवर उभी राहिली आणि एक दिवस लेकीने गोष्ट मागणं सोडून दिलं.

पुढे लेक शिकली, दुसऱ्या गावी दवाखान्यात लागली, तिथेच तिने लग्न केलं. गेल्या खेपेला ती आली तेव्हा बोलता बोलता बाईंनी तिला सुनावलं, की तुझं कुठलंच काम तडीला जात नाही, शिवणाचा वर्ग अर्धवट, गाडी शिकणं अर्धवट. लेक पिशवी भरत होती. ती मान वर न करता म्हणाली, "तू मला एक तरी गोष्ट शेवटपर्यंत सांगितलीस का?" बाईंना तोंडात मारल्यासारखं झालं. लेक गेली. तेव्हापासून ती आली नव्हती. फोन यायचा, पण त्यात हवापाणी आणि गुडघा यापलीकडे काही नसायचं. लेक हातची निघून चाललीय हे बाईंना स्वच्छ दिसत होतं आणि त्याचं त्यांना फार वाईट वाटत होतं. रडत बसण्याचा स्वभाव नव्हता. गोष्ट अर्धवट आहे ना, मग ती पुरी करायची आणि लेकीला वाचून दाखवायची, असा त्यांनी चंग बांधला.

कुठलंही काम नियमाचं पुस्तक वाचल्याशिवाय सुरू करायचं नाही ही खात्याची सवय. बाई वाचनालयात गेल्या आणि ग्रंथपालांना म्हणाल्या, गोष्ट कशी करतात त्याचं पुस्तक द्या. ग्रंथपाल भला माणूस, त्याने आधी हसून घेतलं आणि मग दोन पुस्तकं काढून दिली. एक होतं कथानकाच्या आखणीवर. त्यात गोष्ट डोंगरासारखी चढते आणि उतरते अशी आकृती होती. बाईंनी ती उलटसुलट पाहिली आणि या डोंगराला प्रमाण कुठे दिलंय असं विचारलं. पुढे नायिकेला काय हवं आहे ते एका वाक्यात लिहा, असा हुकूम होता. बाईंनी लिहिलं, तिला घरी जायचं आहे. तिला अडवणारं कोण? बाईंनी लिहिलं, पाणी. एवढ्यात पुस्तक संपत आलं, असं त्यांना वाटलं.

दुसरं पुस्तक मात्र त्यांच्या जिव्हाळ्याचं निघालं. जी जागा कुठेच नाही तिचा नकाशा कसा काढावा, हे त्यात होतं. आधी जमीन ठरवा, मग पाणी कुठून वाहील ते पाहा, मग घरं मांडा आणि मगच माणसांना चालायला लावा. एकदा ठरवलेली जमीन लेखकाच्या सोयीने बदलू नका, वाचकाचा विश्वास उडतो. हे वाचून बाई खुलल्या. इतकी वर्षं कचेरीत आपण हेच तर सांगत होतो आणि कुणी ऐकत नव्हतं, असं त्यांना वाटलं.

मग जेवणाच्या टेबलावर नकाशा अंथरला गेला आणि बाई ताट मांडीवर घेऊन जेवायला लागल्या. टेकडी, तिचे चढउतार, खाडी, खाडीच्या मधोमध एक मोठा खडक, अलीकडच्या काठावर होडी बांधायचा खांब, मुलीचं घर. भरती कधी सुरू होते आणि किती वेळात पाणी कुठवर येतं, तेही कोपऱ्यात मांडलं. सगळं मनासारखं जमल्यावर शाई चढवली. नकाशा काढणाऱ्याच्या जागी सही केली, तपासणाऱ्याच्या जागीही स्वतःच केली, कारण त्या दर्जाचा दुसरा माणूस गावात नव्हता.

आणि इथे घोडं अडलं. मुलगी माथ्यावरून निघाली की घरी पोचेना. बाईंनी उतार मोजला, अंतर मोजलं, काखेत करडू आहे तेही हिशेबात धरलं. मुलगी कितीही पळाली तरी मधल्या खडकापर्यंतच येत होती. तिथून अलीकडे पाणी तिच्या डोक्यावर जात होतं. बाईंनी करडू थोडं लहान केलं. तरी जमेना. मुलगी दोन वर्षांनी मोठी केली. तरी नाही.

ग्रंथपालांनी सोपा उपाय सुचवला. ते म्हणाले, "अहो बाई, टेकडी जरा इकडे सरकवा. तिथे मोजायला कोण येणार आहे?"

"मी येईन ना," बाई म्हणाल्या.

हा नुसता ताठा नव्हता. शाईचा नकाशा चुकला तर ब्लेडने रेघ खरवडता येते आणि ते ओळखू येत नाही. बाई नोकरीत नव्या होत्या तेव्हा त्यांच्या एका वरिष्ठाने कुणाच्या तरी शब्दाखातर अशीच एक रेघ खरवडली होती. बोटभर रेघ, पण एका म्हाताऱ्याची विहीर शेजाऱ्याच्या हद्दीत गेली. तो म्हातारा कितीतरी दिवस येऊन बाईंच्या टेबलासमोर उभा राहायचा. बोलायचा नाही, नकाशाकडे बघायचा. तेव्हापासून बाईंनी शाईच्या रेघेला ब्लेड लावलं नाही. आता टेकडी कागदावरची आहे म्हणून तिला ढकलायची, हे त्यांच्या हातून होणारं नव्हतं. आणि लेकीला फसवून गोष्ट संपवायची तर झोपून गेलेलं काय वाईट होतं?

कागदावर सुटत नाही ते जागेवर जाऊन बघायचं, हाही खात्याचाच नियम. गावाबाहेर पाण्याच्या टाकीमागे एक टेकाड आहे. त्याचा उतार आपल्या टेकडीशी जुळतो हे बाईंना ठाऊक होतं, त्याचा नकाशा त्यांनीच काढला होता. एके सकाळी त्या गुडघ्याला पट्टा बांधून, करडाच्या वजनाची तांदळाची पिशवी काखेत मारून तिथे चढल्या. सकाळी फिरायला येणारी मंडळी हातवारे करत हसण्याचा व्यायाम करत होती. पिशवी घेऊन टेकडी उतरणाऱ्या, मग पुन्हा चढून पुन्हा उतरणाऱ्या बाईंना बघून त्यांना खरंखुरं हसू आलं. एकाने रेशन वर मिळतं का विचारलं. बाई म्हणाल्या की भरती यायच्या आत पोचायचंय, जरा वाट सोडा. त्यावर त्याने निमूट वाट सोडली.

चार सकाळी त्या उतरल्या. लहान मुलीचे पाय आपल्यापेक्षा चपळ, ते जमेस धरलं. गुडघा सुजला, तो वजा केला. हिशेब तोच आला, मुलगी पोचत नाही. चौथ्या दिवशी त्या मध्यावरच्या एका दगडावर टेकल्या. पिशवी मांडीवर होती. आता हात टेकायचे का, असं त्यांच्या मनात पहिल्यांदाच आलं आणि त्या घाबरल्या, कारण हात टेकले तर लेकीकडे रिकाम्या हाताने जावं लागणार होतं.

बसल्या बसल्या त्यांनी नकाशा मनाशी उलगडला. टेकडी, खाडी, खडक, खांब, घर. घर म्हणजे एक काळा चौकोन. इतकी मापं घेतली, पण त्या चौकोनात काय चाललंय हे बाईंनी कधी पाहिलंच नव्हतं. तिथे मुलीची आई आहे. लेक खाडीपलीकडे गेलीय, पाणी चढतंय, आणि ही बाई करतेय काय? दोन्ही पुस्तकांनी नायिकेला काय हवं ते खोदून खोदून विचारलं होतं. घरातल्या बाईचं कुणी नाव काढलं नव्हतं. खुद्द नकाशेबाईंनीही नाही.

घरापासून खडकापर्यंतचं अंतर त्यांना पाठ होतं. आईने काठावरच्या खांबाला दोर बांधला आणि दुसरं टोक घेऊन ती चालत निघाली, तर ती खडकापर्यंत पोचते. मुलगी पलीकडून खडकापर्यंत येतेच आहे. दोराला धरून दोघी परत येऊ शकतात. कुठलीही रेघ हलवावी लागत नाही. अट एकच, आईने पाणी चढायच्या आधी उठायला हवं. मुलीने हाक मारल्यावर उठली तर उपयोग नाही. बाई तिथेच दगडावर बसून रडल्या. मग डोळे पुसून, तांदूळ घेऊन घरी आल्या आणि लिहायला बसल्या.

गोष्ट लिहून झाली तेव्हा त्यांनी लेकीला फोन केला. ये, काही वाचून दाखवायचंय, म्हणाल्या. लेक म्हणाली, रजेचं बघते, पुढच्या महिन्यात जमलं तर जमेल. एरवी बाईंनी बरं म्हणून फोन ठेवला असता आणि खिडकीत बसून वाट बघितली असती. या वेळीही त्या बरं म्हणाल्या, पण दुसऱ्या दिवशी सकाळच्या पहिल्या बसमध्ये जाऊन बसल्या.

दुपारी दार उघडल्यावर लेक आधी बाईंच्या सुजलेल्या गुडघ्याकडेच बघत राहिली. पाणी दिलं, जेवलीस का विचारलं, आणि मला इस्त्री उरकायचीय, तू वाच, म्हणाली. ती पाठ करून उभी राहिली. बाईंनी वाचायला सुरुवात केली. करडू हरवलं, मुलगी टेकडीवर चढली, तोवर इस्त्री नेमाने फिरत होती. मग घरातली आई उठली, तिने दोर घेतला आणि इस्त्री थांबली. बाई न अडखळता शेवटपर्यंत वाचत गेल्या. दोघी खडकावर भेटल्या, दोराला धरून अलीकडे आल्या, करडूही वाचलं.

लेक वळली नाही. तशीच उभी राहून तिने विचारलं, "मुलीने हाक मारली म्हणून उठली का ती?"

"नाही. आधीच उठली. हाक ऐकून उठली असती तर पोचली नसती. मी मोजून पाहिलंय."

लेकीने इस्त्री उभी ठेवली आणि बटण बंद केलं. म्हणाली, "तू झोपलीस की मी संपवायचे ही गोष्ट. रोज."

बाईंना हे ठाऊक नव्हतं. कशी, असं त्यांनी विचारलं.

"मुलगी एकटीच घरी यायची. करडू बांधायची, ओले कपडे बदलायची. आई झोपलेली असायची. मग ती आवाज न करता शेजारी जाऊन पडायची. आईला उठवायचं नाही, ती दमलेली असते."

बाईंनी एवढंच विचारलं, की ती पाण्यातून आली कशी.

"मी पाणी थांबवायचे," लेक म्हणाली. "तुला उठावं लागू नये म्हणून."

बाईंनी हातातली पानं सारखी केली. यातला कुठला शेवट ठेवू, असं त्यांनी विचारलं. लेक खुर्ची ओढून अगदी जवळ येऊन बसली.

"पुन्हा वाच," ती म्हणाली. "आई उठते ना, तिथपासून."

बाईंनी चष्मा पुसला, मागची पानं उलटून ती जागा काढली आणि वाचायला लागल्या.