मुठीतली खाच

माझी मुलगी उद्या सकाळी आपल्या बापाच्या पायाशी परक्या माणसाचं नाव कोरणार आहे, आणि ती काळजी माझ्या डोक्यातून जात नाही. ती एकतीस वर्षांची आहे, तिचं तिला कळतं, हे तिच्या बाबांनी मला सांगून झालंय. तिनेही सांगून झालंय. दोघं आपापल्या खोलीत घोरताहेत.

ठमी नऊ वर्षं एका नावाजलेल्या शिल्पकाराकडे काम करते. ती त्यांना सर म्हणते, मी महाशय म्हणते. त्यांचा कारखाना म्हणजे पत्र्याच्या छपराची लांबलचक खोली, एका टोकाला माती भिजवायची टाकी, दुसऱ्या टोकाला महाशयांची काचेची केबिन. केबिनच्या दारात दोन पायपुसणी आहेत, आत माती येऊ नये म्हणून.

तिथे कला अशी घडते. महाशय कागदाच्या चिटोऱ्यावर एक वाकडी रेघ मारतात आणि म्हणतात, "इथे मला थकवा हवाय." मग ठमी सळ्या वाकवून सांगाडा बांधते, त्यावर तार गुंडाळते, माती चढवते, आणि तीन-तीन आठवडे त्या मातीत थकवा शोधत बसते. सापडला की महाशय बाहेर येतात, मान तिरकी करून बघतात आणि म्हणतात, "हं, आता माझ्या मनातलं उतरलं." एकदा फोटोग्राफर यायचा होता म्हणून त्यांनी मातीला हात लावला. शर्टावर डाग पडला. तो शर्ट त्यांनी धुतला नाही, हँगरला लावून ठेवलाय. मुलाखत असली की घालतात.

सहीसुद्धा ठमीच करते. मातीच्या शिल्पाचा साचा काढतात, साच्यातून मेणाची प्रत निघते, तिच्याभोवती पुन्हा साचा बांधतात, आणि मेण वितळवून त्याच्या जागी धातू ओततात. सही मेणावर करायची असते. एकदा महाशय स्वतः करायला गेले आणि घोड्याचा खूर मोडून बसले. तेव्हापासून हे कामही तिच्या गळ्यात पडलं. आता तिला ती सही इतकी साधते, की महाशयांची स्वतःची सही बँकेत जुळली नाही, तेव्हा कारखान्यातले सगळे ठमीकडे बघून हसले. ठमीही हसली. मला मात्र तिला गदागदा हलवावंसं वाटलं.

पण घोडे, बैल, थकवे त्यांच्या नावावर गेले तर जाऊ देत. ते होतेही त्यांच्याच लायकीचे. हे शिल्प वेगळं आहे.

दोन वर्षांपूर्वी तिच्या बाबांची डावी बाजू गेली. पाय थोडा परतला, हात नाही. रोज सकाळी ते पलंगाच्या कडेला बसतात, उजव्या हाताने बुटाची कड मुठीत आवळतात आणि डावं पाऊल त्यात कोंबायची खटपट करतात. मी पुढे झाले की म्हणतात, "बाजूला हो." ठमी हे दारातून बघायची. मग तिने आमच्या गॅलरीत, कपड्यांच्या दोरीखाली, त्यांना मातीत घडवायला घेतलं. पहिल्या वेळी चेहरा असा केला, की बघूनच मला रडू आलं. मी म्हटलं, "अगं, किती छान." तिने दोन दिवस त्याच्याकडे बघितलं आणि तारेने तो चेहरा कापून टाकला.

"काय केलंस हे?"

"खोटं होतं आई. बाबांना दुःख नाहीये. त्यांना बुटाचा राग आलाय."

आठ महिने लागले. आवळलेला जबडा, ताणलेला अंगठा, आणि बुटावर अशी मूठ, की तो सुटायचीच भीती. शेजारच्या बाईंनी ते एकदाच पाहिलं आणि म्हणाल्या, "यांना मदत करायला जाऊ नये हं कोणी." पाटी नाही, भाषण नाही, आणि बाईंना सगळं समजलं.

साचा घरी निघत नाही, म्हणून ठमीने ते कारखान्यात नेलं. तिथे महाशयांची नजर पडली. "हे आपण प्रदर्शनात घेऊ," म्हणाले. आपण. सोयीसाठी बुटाचा साचा वेगळा काढला होता, पुढे बूट मुठीत जोडायचा होता. महाशयांना वेगळा बूट दिसला आणि स्फुरण चढलं. त्यांनी ठरवलं, बूट माणसापासून सहा फूट दूर, वेगळ्या चौथऱ्यावर. नाव 'विस्थापन सात'.

ठमीने हे जेवताना सांगितलं.

"म्हणजे मी बूट हरवून बसलोय?" बाबांनी विचारलं.

"तुम्ही तुम्ही नाही बाबा. तुम्ही मानवजात आहात."

"आणि मानवजातीने मुठीत काय धरलंय?"

"पोकळी, म्हणे."

"पोकळी कुठे आहे ते कळलं मला. आमटी वाढ."

मी विचारलं, "तू काय म्हणालीस त्यांना?"

"म्हटलं, बघू सर."

"नऊ वर्षं बघतेच आहेस."

"आई, नाव कोणाचंही असलं तरी हात माझाच दिसतो ना? कळणाऱ्याला कळतं."

कळणारे मी पाहिलेत. ते आधी भिंतीवरची पाटी वाचतात, मग पाटीत लिहिलंय तेवढंच शिल्पात आहे ना, एवढी खात्री करून पुढे सरकतात. मागच्या वर्षी दोन पाट्यांची अदलाबदल झाली होती. शिंगं रोखलेल्या बैलासमोर 'शांतता' लिहिलं होतं आणि एक गृहस्थ डोळे मिटून उभे होते.

आज संध्याकाळी ओतारीकाकांचा फोन आला. धातूचं ओतकाम तेच करतात. ठमीचे हात मातीने भरलेले, म्हणून फोन मी तिच्या कानाशी धरला होता. मला सगळं ऐकू आलं.

"ताई, मेण तयार आहे. पण हा बूट हातातलाच ना? मुठीच्या आत त्याच्या कडेची खाच आहे. जोडून टाकू?"

मला वाटलं, ठमी आता तरी हो म्हणेल.

"नको काका. सर म्हणालेत, वेगळा ठेवायचा. खाच बुजवून टाका. मी येते आठला, सही करायला."

"बुजवतो. पण रात्रभर विचार करा. साच्यात गेल्यावर मला काही करता येणार नाही."

विचार तिने केलेला नाही, जेवली आणि झोपली. माझी मुलगी हुशार आहे, आणि ज्याला माती कालवता येत नाही अशा माणसासमोर भित्री आहे. तिच्या भित्रेपणाची मला चीड येते, आणि तो तिने माझ्याकडूनच उचललाय याची जास्त.

महाशयांना फोन करण्यात अर्थ नाही, ते माझ्या रागालाही नाव देऊन चौथऱ्यावर ठेवतील. ठमीला उठवलं तर म्हणेल, आई, तू झोप. ओतारीकाकांना मात्र कोणी न सांगता मुठीतली खाच दिसली. ते सहाला उठतात, ठमी सातला.

सहाला मी त्यांना फोन करणार आहे. खाच बुजवू नका, बूट जोडून टाका, असं सांगणार आहे. एकदा जोडला, की तो वेगळा करायला ठमीला स्वतः सुरी घेऊन बापाची बोटं कापावी लागतील. ते तिच्याने होणार नाही, आणि मग सहीच्या आधी महाशयांशी तिला बोलावंच लागेल. ती माझ्यावर चिडेल, कदाचित महिनाभर बोलणार नाही. काकांना सांगेन, कोणी विचारलं तर माझं नाव घ्या.